मनकर्णेचा वाफा

बोरू शाईत बुडवून हातात देऊन झाला होता. कागदावर एकोणतीस निशाण्या होत्या, तिसावी नत्थुजीची राहिली होती. नांगराचं छोटंसं चित्र काढायचं, बस. लिहिता न येणाऱ्या शेतकऱ्याची सही तीच.

"काढा निशानी, नत्थुजी," महादेवराव पाटील म्हणाले. "बैल उभे हायेत."

बैल खरंच उभे होते. गावाच्या सामाईक भाजीवाडीच्या कुंपणापाशी पाटलांनी नांगर जुंपूनच ठेवला होता. साता समुद्रांपलीकडे गोऱ्यांची आपसात लढाई लागली होती म्हणे, आणि इकडं वऱ्हाडात कापसाला सोन्याचा भाव आला होता. हिवरखेडच्या एकानं बैलगाडीच्या चाकांना चांदीच्या धावा ठोकल्या. तेव्हापासून गावाला मोकळी जमीन दिसली की तिथं कापसाची पऱ्हाटीच दिसायची. उरली होती ती ही वाडी.

तीस घरं, तीस वाफे. शंभर बिघेवाल्याचाही एकच आणि ज्याच्या नावावर ढेकूळ नाही त्याचाही एकच. पुंजाराम माळी मोट हाकायचा, त्याची बायको जयवंता पाणी फिरवायची. बाकी सगळा कारभार बायकांचा. कोणाच्या घरी ताप आहे, कोणाच्या सुनेला दिवस गेलेत, कोणाचं कोणाशी बिनसलंय, सगळ्याचा निकाल मिरच्या तोडता तोडता लागायचा. पुरुषांना वाडीतलं ताटात येईल तेवढंच कळायचं.

यंदा मात्र वैशाखातच वाडी करपली. पाटलांना तेवढं निमित्त पुरे झालं. वाळलेली वाडी ठेवून करता काय? जेठात कापूस पेरा आणि भाजी तेल्हाऱ्याच्या बाजारातून आणा. पण वाडी मोडायची तर तिसाही घरांचा होकार हवा, असं वाडवडलांनी ठरवून ठेवलेलं.

नत्थुजीचा होकार काय, असल्यासारखाच होता. पौषात त्याची बायको मनकर्णा तीन दिवसांच्या तापात गेली. त्याला रडू आलं नाही, राग आला नाही, काहीच आलं नाही. जेवता का? हो. शेत बटाईनं देता का? हो. शेजारच्या घरातून भावजय गोदाबाई दोन वेळा ताट आणून ठेवायची. ताटात काय होतं हे त्याला चार महिन्यांत एकदाही सांगता आलं नसतं.

त्यानं बोरू कागदाला लावला.

"भाऊ," पाण्याच्या दंडाजवळून फावडं घेऊन आलेली जयवंता म्हणाली, "निशानी काढाच्या आंधी आपल्या वाफ्यातले वांगे त तोडून न्या. नांगराखाली जातीन."

कोणी काही सांगितलं की करायचं, एवढंच त्याला उरलं होतं. तो उठला. जयवंता पुढे, तो मागे, बोरू हातातच.

मोट चालू होती. दंडातून पाणी वाहत होतं, पण फार नव्हतं. दोन्ही बाजूंचे वाफे मेल्यात जमा होते. गवारीच्या काड्या झाल्या होत्या, चवळीचे वेल सुतळीसारखे पडले होते. काळ्या मातीला बोट जाईल एवढ्या भेगा. नत्थुजीला त्याचंही काही वाटलं नाही. आपल्याही वाफ्यात याहून वेगळं काय असणार, असं म्हणत तो चालत राहिला.

मनकर्णेचा वाफा अगदी टोकाला, कुंपणाला लागून होता. तो हिरवागार होता. वांग्यांनी झाडं वाकली होती. मिरचीला फूल होतं. मातीत गवताची काडी नव्हती.

त्यानं वाकून मातीला बोट लावलं. ओली होती.

"याच वाफ्याले पानी कसं?"

"दुःखाच्या घरचा वाफा पयले भिजते, भाऊ," जयवंता म्हणाली. "घरचं मानूस येऊन आपल्या हातानं पानी दुसऱ्याकडे वळवत नाई तोवर. आमा बायकायची रीतच हाये तशी."

विहीर आता दिवसाआड जेमतेम भरत होती. एवढ्या लांबच्या दंडात निम्मं पाणी भेगांतच जिरायचं. हा एक वाफा भिजेपर्यंत मोट तळाला लागायची. एकोणतीस घरांच्या बायका चार महिने आपल्या वाफ्यांच्या कडेनं पाणी पुढं जाताना बघत होत्या. त्यात गोदाबाईही होती. तिचा वाफा वाळला आणि ती याच वांग्यांची भाजी त्याला वाढत राहिली.

"मंग मले सांगतलं काहून नाई?"

"काय सांगाव? तुमचं दुःख आता पुरे, आमाले पानी द्या, असं सांगाव?"

नत्थुजीनं आपल्या वांग्यांकडे पाहिलं. दुखलं. चार महिन्यांत पहिल्यांदा त्याला काहीतरी दुखलं, आणि तो दंडाच्या काठाशी खाली बसला.

"अहो नत्थुजी, निशानी!" तिकडून पाटलांनी हाक मारली.

त्यानं वळून पाहिलं नाही. दोन्ही हातांनी ओला चिखल ओढून त्यानं मनकर्णेच्या वाफ्याचं तोंड बुजवलं. मग उठून बोरू जयवंताच्या हातात दिला आणि तिच्याजवळचं फावडं घेतलं. वाळलेल्या वाफ्यांकडे बघत तो म्हणाला,

"मनकर्णा गेली. आता पान्याची पारी कोनाची हाये, सांगा."