पाद्र्याचा आवाज

"कोण तुम्ही? सोडा माझा हात! नवऱ्याला कळलं ना, तर तंगडं मोडून हातात देईल!" नीवेस म्हातारी कडाडली. तिची नजर कधीच गेली होती, आता आठवणही चालली होती, आणि एर्कोले बिचारा घसा फाटेस्तोवर सांगत होता, "अगं, मीच तो तुझा नवरा!"

इतक्यात टीव्हीवर त्याचाच जुना सिनेमा लागला. रोमच्या स्टुडिओंत एर्कोलेने उभा जन्म पाद्री नाहीतर हवालदार केला. यात तो पाद्री होता. पडद्यावरचा पाद्री भारदस्त आवाजात नवरानवरीला आशीर्वाद देऊ लागला, तशी नीवेस लाजून हसली. "आला बाई माझा एर्कोले!" म्हणत ती हवेत चाचपडू लागली.

"बघा आजोबा, आवाज कसा बरोबर ओळखला!" तिला सांभाळायला रुमेनियाहून आलेली दोइना हरखून म्हणाली.

एर्कोले तिच्याजवळ सरकला. नीवेसची बोटं त्याच्या ओठांवर येऊन थांबली.



त्याचा आवाज किनरा, म्हणून प्रत्येक सिनेमात दुसऱ्याच माणसाचा आवाज भरलेला होता. त्या आवाजाबरोबर एर्कोले मुकाट्याने ओठ हलवू लागला.