झूराला सांगायचं काय

दोघे घोड्यांवरून आले आणि तिसरा घोडा खोगीर घालून रिकामाच आणला, तेव्हाच अनीपा-आपानं ओळखलं की खाली गावात कुणीतरी गेलं.

ती घोडीची धार काढत होती. अर्धी धार काढून उठलं तर घोडी दुसऱ्या दिवशी लाथ झाडते.

"थांबा जरा," ती वळूनही न बघता म्हणाली. "गेलेल्याला घाई नसते."

मुकाश अक्साकाल, गावातला सगळ्यात वडीलधारा माणूस, छातीवर हात ठेवून उभा राहिला. बरोबरचा सादिर जमिनीकडे बघत होता.

धार संपल्यावर मुकाशनं सांगितलं. गावातला एक जवान मुलगा गेला होता. आईला अजून पत्ता नव्हता. आईला कळेपर्यंत निरोप्यानं मुलाचं नाव तोंडातून काढायचं नाही, ही रीत. म्हणून त्यानं नाव घेतलं नाही आणि तिनंही विचारलं नाही. अशी बातमी आईच्या अंगावर फेकायची नसते. आधी तिला धीराचे शब्द द्यायचे, मग बातमी. आणि त्या शब्दांसाठी गाव अनीपालाच न्यायचं. एरवी तिची जीभ म्हणजे कात्री. पण अशा वेळी त्याच जिभेतून असं काही निघायचं, की कोसळणारी बाई भिंत धरून का होईना, उभी राहायची.

"बाई कशी आहे?" तिनं विचारलं.

"मानी आहे," मुकाश म्हणाला. "तोंडाची फटकळ. आम्ही सांगायला गेलो तर दारातून हाकलून देईल. एकुलता एक होता गं."

असली बाई गावात एकच. झूरा. तिचा मुलगा परमुलखात विटा वाहायला गेलेला. पाटाच्या पाण्यावरून झूराचं नि अनीपाचं वाजलं, त्यानंतर कित्येक वर्षं दोघींनी एकमेकींच्या चुलीचा धूरसुद्धा बघितला नव्हता. दुसऱ्या कुणाला न्या, असं अनीपानं सांगून पाहिलं.

"दुसऱ्या कुणाचं ती ऐकायची नाही," मुकाश म्हणाला. "ऐकलं तर तुझंच."

सादिर शिंगरं बांधायला वर कुरणातच थांबला. अनीपानं त्याला कुठली घोडी कशी ते बजावलं. पीठ घेऊन येतो म्हणून कुबाननं, तिच्या लेकानं, काल दिवसभर वाट बघायला लावली होती. बसला असेल कुणाच्या तरी लग्नात मांस चापत. भेटला की कान उपटते, असं पुटपुटत ती घोड्याकडे गेली. मुकाशनं स्वतः तिची रिकीब धरली. एवढा पांढऱ्या दाढीचा माणूस आपली रिकीब धरतो, हे तिला बरं वाटलं.

उतार लागला. ती शब्द जुळवायला लागली आणि एकही जुळेना. दुसऱ्या घरांत तोंड उघडलं की शब्द यायचे, जसं शिंगरू जवळ आणलं की घोडी पान्हवते. आज सगळं कोरडं. झूराचा चेहरा डोळ्यांपुढे आणला की आधी पाटाचं पाणीच आठवायचं, नि मग भीती वाटायची.

"मला नाही जमायचं, अक्साकाल," शेवटी ती म्हणाली. "ती मला तोंडावर म्हणेल, तुझा आहे ना घरी? तुला काय कळतंय? मग मी काय बोलू?"

मुकाशचा घोडा दगड चुकवत चालत होता.

"सकाळपासून मी शब्द शोधतोय," तो म्हणाला. "एवढं वय झालं, पण नाही सापडत. दोन सापडले, तेही तुझेच, तू कुठल्या तरी आईला दिलेले. तू बोललीस म्हणून गावात कितीतरी घरांत चूल पेटतेय, अनीपा. तूच भ्यालीस तर आम्ही कुठं जायचं?"

तिची पाठ ताठ झाली. कुणी असं म्हटलं की ती नेहमीच ताठ व्हायची. तिनं डोक्याचा पांढरा रुमाल नीट केला.

"तिला काय सांगशील?" मुकाशनं विचारलं. "मला सांग बघू."

अनीपानं घोड्याच्या कानांमधून समोर बघितलं आणि बोलायला लागली.

"बाई, तुझ्या तंबूच्या छताचं कडं तुटून पडलंय. आता भिंतीसुद्धा सोडून देऊ नकोस, आत माणसं आहेत. रड. डोंगर हलेल एवढी रड. पण उभी राहून रड. बसलेल्या बाईला लोक उचलायला येतात, उभ्या राहिलेल्या बाईला टेकायला येतात. जो तुझं दूध प्याला त्याला जाताना वळून बघावंसं वाटलं, तर त्याला आई उभी दिसू दे. तुझ्यात ते बळ आहे. नसतं, तर मी आलेच नसते."

बोलता बोलता तिचा आवाज घट्ट झाला. आता झूराच काय, झूराची सात पिढ्यांची माणसं समोर आली तरी चाललं असतं.

"पुन्हा म्हण," मुकाश म्हणाला.

तिनं पुन्हा म्हटलं. म्हाताऱ्यानं बाहीनं डोळे पुसले. एवढं हळवं व्हायचं नसतं पुरुषानं, असं तिला वाटलं.

पहिली घरं लागली. रस्त्यात कुणी नव्हतं. चिनारांचं वळण घेतलं तेव्हा पुरुषांचा हंबरडा ऐकू आला, आणि घरांच्या वरून, गेलेल्यासाठी उभारतात तसल्या नव्या तंबूचा लोकरी माथा दिसला. एक बाई तिकडून धावत आली आणि तिनं अनीपाच्या घोड्याचा लगाम धरला.

झूरा होती. रडून डोळे सुजलेले. तिनं अनीपाला टेकायला आपला खांदा पुढे केला.

अनीपानं तिच्या डोक्यावरून पलीकडे बघितलं. तंबूच्या दाराशी, विधवेचा काळा रुमाल बांधून, कुबानची बायको उभी होती.