मामाची अष्टपुत्री

गौरीहर पुजताना नवरीने मामाने दिलेली पिवळी अष्टपुत्री नेसायची, ही रीत राजवाड्यालाही चुकलेली नाही. राणीसाहेबांनी भरजरी पिवळी पैठणी स्वतःच मागवून ठेवली होती. भाऊ परदेशात असतो, ही थाप त्यांनी आपल्या लग्नात मारली आणि पुढे जन्मभर निभावली. तो तर माहेरगावच्या एस.टी. स्टँडासमोर भजी तळत होता. लेकीच्या लग्नाची अक्षत राजेरजवाड्यांना गेली, मंत्र्यांना गेली. त्याला तेवढी गेली नाही.

फाटकावरच्या शिपायाने एक पुडकं आणून दिलं. वर्तमानपत्रात गुंडाळलेली साधी सुती अष्टपुत्री होती. भज्यांच्या पुड्याला मारतात तशी दोऱ्याची गाठ पाहून राणीसाहेबांचा चेहरा उतरला.

"कोण म्हणून सांगितलं त्याने?"

"म्हणाला, परदेशातल्या मामांनी पाठवलीय, मी नुसता पोचवणारा. जेवून जा म्हटलं, तर हात जोडून निघून गेला."

राणीसाहेबांनी पैठणी बाजूला सारली आणि ती सुती साडी लेकीला आपल्या हाताने नेसवायला घेतली. निऱ्या काही केल्या बसेनात.

लेक पदर न्याहाळत हसली. "आईसाहेब, परदेशातसुद्धा अष्टपुत्री मिळते?"

राणीसाहेबांनी निऱ्या सोडून पुन्हा घालायला घेतल्या. तेवढ्यात मांडवातून भटजींची खणखणीत हाक आली, "मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं!"