तोंड शिवलेला मासा

उंबऱ्यावर पडलेला मासा मबरूका मावशीनं शेपटीला धरून उचलला, कल्ले उघडून बघितले आणि म्हणाली, "ताजा आहे की रे!"

"मावशी, त्याचं तोंड शिवलंय," हवालदार लसाद म्हणाला. तो घराच्या मागे नमाजाआधी हातपाय धुवायला, वजू करायला गेला होता, तेवढ्यात कोणीतरी हा प्रकार करून गेलं होतं. "धमकी आहे ही!"

"असेना. चांगला दोन किलोचा आहे. सुरी आण."

टाके उसवून मावशीनं माशाला लाल मिरचीचा हरिसा चोळला आणि तव्यावर टाकला. लसादनं मात्र आधी दाराला कडी घातली. मुळातच तो भित्रा. हा माणूस पोलिसात कसा टिकला, हे त्याच्या बायकोलाही कोडं होतं. "त्या म्हातारीला तुझ्यापेक्षा जास्त हिंमत आहे," असं ती रोज फोनवर ऐकवायची.

आणि मावशीला हिंमत होतीच. बेटाभोवतीच्या उथळ पाण्यात तळ खरवडणारी जाळी ओढायला बंदी, तरी हाज फर्जानीच्या तीन बोटी बिनदिक्कत ओढायच्या. ऑक्टोपसचं पिल्लूसुद्धा मागे उरत नव्हतं. लहान कोळ्यांच्या घरी चुली थंडावल्या; पण बोलणार कोण? ठाण्याचा प्रमुख हाजचा सख्खा जावई.

मग पलीकडच्या किनाऱ्यावरच्या सफाक्स शहराच्या कोर्टात एक बिननावी अर्ज पोचला. बोटींचे नंबर, तारखा, वेळा, सगळं बिनचूक. हाज भर कॉफीखान्यात गरजला, "लिहिणाऱ्याला दगड बांधून बुडवीन!" चौकशीला कोर्टाचा माणूस आला तेव्हा सगळे कपात डोकं घालून बसले. तेवढ्यात मासे विकायला आलेली मबरूका मावशी टोपली खाली ठेवून पुढे झाली.

"अर्ज माझा," ती म्हणाली आणि कागदावर अंगठा उठवून मोकळी झाली.

कोर्टानं तिला पोलीस संरक्षण दिलं. तिच्या दाराशी कोण बसणार, असं विचारताच लसादनं सगळ्यांच्या आधी हात वर केला. ठाण्यात हशा पिकला. मावशीच्या हातच्या कुसकुसची चव साऱ्या बेटाला ठाऊक होती.

"काय गं मबरूका," शेजारची झोहरा भिंतीवरून ओरडायची, "कोण कोणाला सांभाळतंय?"

"तो मला, मी त्याला!" मावशी हसायची.

गुरुवारी जबाब होता. फेरीबोटीत हाजचा माणूस मावशीला खेटून बसला. "आजी, अंगठा मागे घे. समुद्र खोल आहे."

"पन्नास वर्षं जाळी टाकतेय मी त्यात. किती खोल आहे, ते तू मला शिकवतोस?" मावशी म्हणाली. लसादच्या हातातला चहा मात्र त्याच्याच पँटवर सांडला.

न्यायाधीशबाईंनी चष्म्यावरून बघितलं. "तुम्हाला लिहिता येत नाही. मग अर्ज कोणी लिहिला?"

"बंदरावर कोणी तरी होता, बाई. लिही म्हटलं, लिहिलंन. या वयात नावं कुठली लक्षात राहतात? माझ्या धाकट्या सुनेचंसुद्धा रोज विसरते."

कोर्टात खसखस पिकली. बाईही हसल्या. बोटी तपासल्या तेव्हा बंदी असलेली जाळी सापडलीच होती. हाज आत गेला आणि जावईबापूंची बदली थेट वाळवंटातल्या चौकीवर झाली.

दोन महिन्यांनी संरक्षण उठलं. समुद्रात ऑक्टोपस पुन्हा दिसू लागले होते आणि झोहराचा नवरा सकाळी गात गात होडी ढकलायचा. लसादनं दारातली खुर्ची आत नेऊन ठेवली. मावशीनं कुसकुसनं भरलेला डबा त्याच्या हातात दिला, तसे त्याचे डोळे भरून आले. त्यानं वाकून तिच्या कपाळाचं चुंबन घेतलं.

"मावशी, मी तुझे उपकार कसे..."

"गप रे! रडतोस काय, वेड्या? घरी जा. हा डबा बायकोला दे, आणि आता तरी तिला सांगून टाक, तो अर्ज तू लिहिला होतास म्हणून."