चेंडूवर उभा

"मोलेफीमामा, एकदा चेंडूवर उभं राहून दाखव की!" दक्षिण आफ्रिकेतल्या सोवेटोच्या फुटबॉल मैदानावर दर रविवारी कुणीतरी गळ घालतंच. मग मोलेफी गुडघ्याचा पट्टा आवळतो, चेंडूवर चढतो आणि गर्दीला कडक सलाम ठोकतो. शिट्ट्या, भोंगे, नुसता दंगा.

"काय दिवस होता तो!" या रविवारीही जुनी माणसं सांगू लागली. "उजव्या कडेनं सुसाट आला, तिघांना चकवलं, गोलकीपरला लोळवलं. समोर गोल मोकळा, आणि हा पठ्ठ्या चेंडूवर उभा! अख्खं स्टेडियम वेडं झालं."

"आणि गोल?" त्याच्या लेकीनं विचारलं.

मोलेफी चेंडूवरून उतरला. याआधी हे एकाच माणसानं, त्या सामन्यानंतर, विचारलं होतं. तो मोलेफीला बेल्जियमच्या क्लबात न्यायला आला होता, आणि त्याच रात्री एकटाच परत गेला.