‘मीरा’ची शेवटची फेरी

मुकुलशेठ यंदाही अबोलीचा हार घेऊन मढच्या धक्क्यावर आले, तेव्हा बोटीवरून बंदुकीचा स्टँड उतरवून झाला होता. बोट निर्लेखित झाली होती. उद्या भंगारवाले ओढून नेणार होते.

"शेवटचं एकदा नेता का, कुंडलिक?" त्यांनी विचारलं.

बोटीवरचा हवालदार कुंडलिक नाही म्हणू शकला नाही. बोट मुळात शेठचीच. पांढरीशुभ्र, हौसेची यॉट, बायकोच्या नावाची. एका रविवारी मनोरीसमोर ती बायको, मीरा, डेकवरून पाण्यात पडली. पोहता येत नव्हतं म्हणे. मृतदेह मिळाला नाही. शोधायला गेलेल्यांत कुंडलिकही होता. मनोरीच्या खडकांची बाजू त्याच्याकडे होती. काही सापडलं नाही, असं त्याने संध्याकाळी वायरलेसवर कळवलं होतं.

पुढे अतिरेकी समुद्रातून शहरात शिरले आणि सागरी पोलिसांना मिळेल ती बोट हवी झाली. शेठनी यॉट देऊन टाकली. अट एकच, नाव बदलायचं नाही. तिला राखाडी रंग चढला, टपावर सर्चलाइट आला, सोफे काढून तिथे लाइफ जॅकेटं रचली गेली. ‘मीरा’ गस्तीला लागली. तिने उलटलेल्या होडीवरचे मच्छीमार ओढून काढले, डिझेलचोर पकडून दिले, विसर्जनाला पहारा केला.

तरी बोट चांगली नाही, असं सगळेच म्हणत. सुकाणूवरचा धोंडू मालवणचा. शेठच्या काळापासून तो बोटीवर होता. पुढच्या केबिनमध्ये तो कधीच उतरत नसे.

"खाली बाईमाणूस आसा, सायबानू," तो म्हणायचा. "दार वाजयता."

खाली कोणी नाही, असं कुंडलिक त्याला शांतपणे सांगे आणि जेवण झालं की खुशाल त्याच केबिनमध्ये आडवा होई. धोंडूला नवल वाटायचं. मराठवाड्यातून आलेला माणूस, भरती होईपर्यंत याने समुद्रही पाहिला नव्हता, आणि याला भुताचं काहीच नाही?

घाबरायची ती कुंडलिकची बायको, वनमाला. लग्न उशिरा झालं होतं, त्याच्या गावी, चार माणसांत. चारकोपला राहून ती कधी गोराईच्या किनाऱ्यावर गेली नव्हती. बदली मागून घ्या म्हणून मागे लागायची. शेठ हार वाहून गेले, की काही बोलले का ते, एवढंच विचारायची आणि मग दोन-तीन दिवस नीट जेवायची नाही. कुंडलिकने बदली मागितली नाही. बोटीवर मी असलेलाच बरा, म्हणायचा.

मनोरीसमोर धोंडूने इंजिन बंद केलं. पाणी अगदी निवांत होतं. शेठनी हार सोडला. दरवर्षी ते मग मागच्या बाकावर डोळे मिटून बसत. आज ते उठले आणि पुढच्या केबिनच्या पायऱ्या उतरू लागले. कुंडलिक मागोमाग गेला.

केबिनच्या दाराशी शेठ थांबले. चौकटीवर बाहेरच्या बाजूला स्क्रूची जुनी भोकं होती, रंगाने अर्धवट बुजलेली. त्यांवरून त्यांनी बोट फिरवलं.

"इथली कडी कोणी काढली?"

"मी. बोट आमच्याकडे आली त्याच दिवशी."

कडी दाराला बाहेरून का होती, हे कुंडलिकने कधी कोणाला विचारलं नव्हतं. धोंडूही त्याबद्दल चकार शब्द काढत नसे.

कुंडलिकला शेठची फक्त पाठ दिसत होती.

"बरं केलंत," ते म्हणाले.

धक्क्यावर आल्यावर त्यांनी कुंडलिकला गाडीत बसायचा आग्रह केला. बस मिळेल, उगाच तुम्हाला वाकडी वाट, असं तो परोपरीने सांगत होता. शेठनी ऐकलं नाही. गाडी ते स्वतःच चालवत होते. चारकोप नाक्यावर उतरायचं, शेठ नजरेआड झाले की मग घराकडे वळायचं, असं कुंडलिकने मनाशी ठरवून टाकलं.

"इथंच सोडा," नाका आल्यावर तो म्हणाला.

गाडी थांबली नाही. ती सेक्टरमध्ये वळली, मार्केट मागे टाकून डावीकडच्या गल्लीत शिरली आणि बरोबर त्याच्या बिल्डिंगसमोर उभी राहिली. कुंडलिकने पत्ता सांगितलाच नव्हता.

दुसऱ्या मजल्याच्या खिडकीत वनमाला दोरीवरचे कपडे काढत होती. तिचं खाली लक्ष नव्हतं. शेठ काच न उतरवता वर बघत राहिले. ती कपडे घेऊन आत गेली, खिडकी लागली, तेव्हा त्यांनी स्टिअरिंगवरचे हात काढून मांडीवर ठेवले.

"मीराला सांगा," ते म्हणाले, "बोट गेली. आता मीही येणार नाही."