मुकं काचघर

विद्यापीठाच्या बागेत दोन काचघरं होती. माती, पाणी, ऊन दोन्हीकडे सारखंच. एकातल्या रोपांना दिवसभर गाणी ऐकवायची आणि दुसऱ्यात कुणी ब्रसुद्धा काढायचा नाही, असा वनस्पतिशास्त्राच्या मॅडमचा प्रयोग होता.

वर्ष उलटलं, तर मुक्या काचघरातलीच रोपं जास्त फोफावलेली. शिवाय सगळीच्या सगळी उजेडाकडे पाठ करून कोपऱ्यातल्या स्टुलाकडे झुकलेली.

मॅडम माळीकाकांवर कडाडल्या, "कुणीतरी रोज तिथे बसून बोलतंय! माझं अख्खं वर्ष पाण्यात गेलं. काका, या दाराच्या किल्ल्या दोनच. एक माझ्याकडे, एक तुमच्याकडे."

काकांनी मान खाली घातली.

"चुकलं, मॅडम. स्टूल मीच ठेवलं."

"पण कशाला?"

"रोज दुपारी तुम्ही इथून आईंना फोन लावता. बाकी सगळीकडे गलका. त्यांना ऐकू कमी येतं, मग एकच गोष्ट तुम्ही दहादा सांगता, मधेच डोळे पुसता. तासभर उभ्यानं कसं जमणार, म्हणून आणून ठेवलं."